लवकर निकालाचा आदेश उच्च न्यायालयाकडून मिळवताना : काय मागावे, केव्हा मागावे

गुहागर तालुक्यातील एका भावाने विचारलेला प्रश्न थोडक्यात असा आहे. त्याच्या बहिणीने जिल्ह्यातील वरिष्ठ स्तर दिवाणी न्यायालयात घटस्फोटाची याचिका आणि तिच्यासोबत अंतरिम पोटगीचा अर्ज दाखल केला, त्याला आता चौथे वर्ष लागले आहे. नवरा व्यापारी जहाजावर नोकरीला आहे, सासर विरारला आहे आणि सहा वर्षांचा मुलगा बहिणीजवळ माहेरी आहे. उच्च न्यायालयाने दुसऱ्या कुणाचे प्रकरण सहा महिन्यांत निकाली काढण्याचा आदेश दिल्याची बातमी त्यांनी वाचली. आपल्यालाही तसा आदेश मिळेल का, आणि त्यासाठी मुंबईला खेपा घालाव्या लागतील का, असे ते विचारतात.

आदेश मिळू शकतो आणि त्यासाठी मुंबईला जावे लागणार नाही. मात्र कौटुंबिक दावे चालवण्यात माझी वकिलीची बरीच वर्षे गेली आहेत, आणि त्या अनुभवावरून सांगतो की संपूर्ण याचिका अमुक महिन्यांत निकाली काढा अशी मागणी घेऊन वर जाणे हा तुमच्या बहिणीसाठी सर्वात फायद्याचा मार्ग नाही. तिचे घर ज्यामुळे अडले आहे तो आदेश अंतरिम पोटगीचा आहे. त्या एका अर्जाच्या निकालासाठी मुदत मागितली, तर ती मिळण्याची शक्यता अधिक आहे आणि मिळाल्यावर तिचा उपयोगही लगेच होतो.

प्रथम कायद्यात काय लिहिले आहे ते पाहू, कारण पुष्कळ पक्षकारांना ते कुणी सांगितलेलेच नसते. हिंदू विवाह कायदा, १९५५ मध्ये १९७६ च्या दुरुस्तीने आलेल्या कलम २१-ब प्रमाणे, विरुद्ध पक्षाला नोटीस बजावल्यापासून सहा महिन्यांत याचिकेची सुनावणी संपवण्याचा प्रयत्न न्यायालयाने करायचा असतो. कलम २४ खालील अंतरिम पोटगीचा अर्ज आणि कलम २६ खालील मुलाच्या निर्वाहाचा व शिक्षणाच्या खर्चाचा अर्ज, हे दोन्ही नोटीस बजावल्यापासून शक्यतो साठ दिवसांत निकाली निघावेत, असेही त्याच कायद्यात आहे. घरगुती हिंसाचाराच्या २००५ च्या कायद्यातील अर्जालाही पहिल्या तारखेपासून साठ दिवसांचीच अपेक्षित मुदत आहे. परंतु या मुदती उलटल्या म्हणून कोणताही अर्ज आपोआप मंजूर होत नाही. त्यांचा उपयोग इतकाच की, विलंबाची तक्रार करताना आपण न्यायालयाकडे मेहेरबानी मागत नसून कायद्याने ठरवलेले वेळापत्रक दाखवत आहोत, हे सांगता येते. शिवाय हिंदू विवाह कायद्यातील दोन्ही मुदती नोटीस बजावल्यापासून मोजल्या जातात, याचिका दाखल केल्यापासून नाही. आपल्या कोकणात अर्धी भांडणे नेमकी येथेच अडकून पडतात; त्याकडे पुढे येतो.

तुम्ही बातमीत वाचलेल्या आदेशासारखे आदेश एके काळी बऱ्याच सहजपणे मिळत असत. २९ फेब्रुवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या वकील संघटनेच्या प्रकरणात जो निकाल दिला, त्यानंतर चित्र बदलले आहे. स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप उठते हा २०१८ चा नियम त्या निकालाने रद्द केला, म्हणून त्याची चर्चा झाली. पण त्यातील दुसरा भाग आपल्या कामाचा आहे. खालच्या न्यायालयांतील प्रकरणे ठरावीक मुदतीत निकाली काढण्याचे आदेश घटनात्मक न्यायालयांनी सर्वसाधारणपणे देऊ नयेत, कोणत्या प्रकरणाला प्राधान्य द्यायचे हे त्या त्या न्यायालयावर सोडावे आणि केवळ अपवादात्मक परिस्थितीतच मुदत घालावी, असे घटनापीठाने सांगितले. त्यामागचे कारण मला पटते. ज्याला उच्च न्यायालयात वकील लावणे परवडते त्याचे प्रकरण पुढे सरकते आणि त्याच न्यायालयाच्या बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, आठ वर्षे वाट पाहणारी एखादी विधवा किंवा वृद्ध दांपत्य आणखी मागे ढकलले जाते, हे मी स्वतः पाहिलेले आहे.

म्हणून आता उच्च न्यायालयासमोर केवळ ‘चार वर्षे झाली’ एवढे सांगून भागत नाही, आपले प्रकरण अपवादात्मक का आहे हे दाखवावे लागते. अंतरिम पोटगीच्या बाबतीत ते दाखवणे तुलनेने सोपे आहे. भुवन मोहन सिंग विरुद्ध मीना या २०१४ च्या निकालात, एका पत्नीचा पोटगीचा अर्ज कौटुंबिक न्यायालयात सुमारे नऊ वर्षे पडून राहिल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने तीव्र नाराजी व्यक्त केली होती आणि अशा प्रकरणांत न्यायाधीशांनी अधिक सजग राहावे असे बजावले होते. त्यानंतर ४ नोव्हेंबर २०२० च्या रजनेश विरुद्ध नेहा या निकालाने देशभरासाठी कार्यपद्धतीच घालून दिली. दोन्ही पक्षांनी मालमत्ता व दायित्वांचे शपथपत्र ठरलेल्या नमुन्यात दाखल करायचे, प्रतिवादीने जास्तीत जास्त चार आठवड्यांत जबाब द्यायचा, त्यासाठी दोनपेक्षा अधिक संधी द्यायच्या नाहीत, जाणूनबुजून टाळाटाळ झाल्यास त्याचा बचाव काढून टाकण्याचा विचार करायचा आणि शपथपत्रे आल्यावर चार ते सहा महिन्यांत अंतरिम पोटगी ठरवायची, असे त्याचे स्वरूप आहे. पोटगी अर्जाच्या तारखेपासून देण्यात यावी, हेही त्याच निकालात ठरले. म्हणजे तुमच्या बहिणीची गेलेली वर्षे हिशेबातून वगळली जाणार नाहीत. तथापि थकबाकीचा आकडा जितका फुगतो तितकी ती वसूल करणे अवघड होत जाते, म्हणून वाट पाहत बसण्यातही शहाणपण नाही.

आता या आठवड्यात करण्याचे काम सांगतो. याचिकेच्या आणि अंतरिम अर्जाच्या संपूर्ण रोजनाम्याची, म्हणजे प्रत्येक तारखेला न्यायालयात काय झाले याच्या नोंदींची, प्रमाणित प्रत काढा. ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर सीएनआर क्रमांक (प्रत्येक प्रकरणाला मिळणारा स्वतंत्र क्रमांक) टाकला की तारखांची यादी दिसते, परंतु त्या तारखेला काय घडले याचा तपशील तिथे पुरेसा असेलच असे नाही. रोजनामा हातात आल्यावर प्रत्येक तारखेसमोर एकाच प्रश्नाचे उत्तर लिहा : ही तारीख कुणामुळे वाया गेली? समन्स बजावून आले नव्हते, न्यायाधीश रजेवर होते किंवा बदलीनंतर जागा रिकामी होती, वेळेअभावी काम पुढे ढकलले, विरुद्ध पक्षाने तहकुबीचा अर्ज दिला, आपल्याच वकिलांनी अर्ज दिला, मध्यस्थीसाठी प्रकरण पाठवले होते, अशी कारणे पुढे येतील. हा तक्ता तयार करताना पुष्कळ पक्षकारांना धक्का बसतो, कारण अर्ध्याअधिक तहकुब्या आपल्याच बाजूच्या निघतात. वकील म्हणून हे लिहायला बरे वाटत नाही, पण तसे असेल तर ते तुम्हाला उच्च न्यायालयात जाण्यापूर्वी कळले पाहिजे, तेथील न्यायमूर्तींनी पहिल्याच पानावर बोट ठेवल्यावर नव्हे.

बजावणीचे पाहा. आपल्याकडच्या याचिकेत नवऱ्याचा पत्ता म्हणून बहुतेक वेळा गावचे घर लिहिलेले असते. तिथे बेलीफ जातो तेव्हा घराला कुलूप असते, शेजारी ‘इसम मुंबईस असतो’ असे सांगतात आणि तसा अहवाल येऊन तीन महिने जातात. मग मुंबईकडचा पत्ता दिला जातो, तर तोवर भाड्याची खोली बदललेली असते. चाकरमानी गणपतीला किंवा शिमग्याला गावी येतो तेव्हा बजावणी होईल, या भरवशावर दोन-दोन वर्षे घालवलेली प्रकरणे मी पाहिली आहेत. नवरा बोटीवर असेल तर ही अडचण दुप्पट होते. यावर उपाय दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ५ मध्येच आहे. गावचा आणि विरारचा, असे दोन्ही पत्ते एकाच वेळी द्यावेत, नोंदणीकृत टपालाने समन्स पाठवावे, न्यायालयाची परवानगी घेऊन ई-मेल व व्हॉट्सॲपवरही पाठवावे, आणि तो हेतुपुरस्सर टाळत असल्याचे शपथेवर सांगून दारावर चिकटवण्याचा किंवा वृत्तपत्रात जाहीर नोटीस देण्याचा आदेश नियम २० खाली मागावा. बजावणीच झालेली नसेल, तर उच्च न्यायालयाचा कितीही कडक आदेश ती करून आणणार नाही. नवऱ्याने वकीलपत्र दाखल केलेले असेल तर मात्र हा प्रश्नच उरत नाही. तो हजर झालेला आहे आणि साठ दिवसांची गणना सुरू करता येते.

दुसरी अडण्याची जागा म्हणजे शपथपत्रे. नवऱ्याने शपथपत्र दिले नाही अशी तक्रार घेऊन आलेल्या पत्नीचे स्वतःचेच शपथपत्र दाखल नसणे, हे फार वेळा घडते. बहिणीचे शपथपत्र ठरलेल्या नमुन्यात, बँकेच्या उताऱ्यांसह आणि मुलाच्या शाळेच्या व औषधोपचाराच्या खर्चाच्या पावत्यांसह दाखल आहे का, हे आधी तपासा. माहेरच्या आंबा-काजूच्या बागेत तिचे नाव सातबाऱ्यावर असेल तर तेही लिहा, लपवू नका. पुढे उलटतपासणीत ते निघाले तर तिच्या बाकीच्या सांगण्यावरचाही विश्वास उडतो.

नवरा बोटीवर असल्यामुळे त्याच्या उत्पन्नाचा वाद वेगळा होतो. वर्षातील काही महिने तो करारावर असतो, उरलेले महिने घरी, आणि न्यायालयात तो घरी असलेल्या महिन्यांचेच चित्र उभे करतो. म्हणून जहाज कंपनीची करारपत्रे, नाविकाची सीडीसी पुस्तिका (जहाजावरील नोकरीच्या नोंदींची) आणि अनिवासी खात्यासह सर्व बँक खात्यांचे उतारे दाखल करायला लावणारा स्वतंत्र अर्ज द्या. त्यातून वर्षभराची सरासरी निघते. हे कागद आले नाहीत तर न देणाऱ्याविरुद्ध प्रतिकूल अनुमान काढण्याची विनंती करता येते आणि अर्ज त्यावाचून अडत नाही.

एवढे झाल्यावर, उच्च न्यायालयात जाण्याआधी, त्याच न्यायालयात अंतरिम अर्ज प्राधान्याने ऐकण्यासाठी लेखी अर्ज द्या. त्यात कलम २४ व २६ ची साठ दिवसांची मुदत, रजनेश निकालातील वेळापत्रक आणि तहकुब्यांचा तुमचा तक्ता जोडा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश १७ प्रमाणे सुनावणीच्या काळात एका पक्षाला तीनपेक्षा अधिक तहकुब्या देऊ नयेत आणि खर्च बसवावा, अशी तरतूद आहे. अगदी अपवादात्मक कारणासाठी ती शिथिल होते, पण दर तारखेला वकील साहेब दुसऱ्या न्यायालयात आहेत हे त्यातले कारण नव्हे. पुष्कळ वेळा काम येथेच होते, कारण तरुण न्यायाधीशांना नेमके काय अडले आहे ते कुणी कागदावर दाखवलेलेच नसते. आणि काम झाले नाही तरी हा अर्ज व त्यावरील आदेश तुमच्या पुढच्या याचिकेचा पाया होतो. खाली काय प्रयत्न केलेत, हा उच्च न्यायालयाचा पहिला प्रश्न असतो.

न्यायाधीशांची जागाच रिकामी असल्यामुळे काम थांबले असेल, तर आणखी एक जवळचा मार्ग आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम २४ प्रमाणे प्रकरण एका न्यायालयातून दुसऱ्या सक्षम न्यायालयाकडे वर्ग करण्याचा अधिकार उच्च न्यायालयाप्रमाणेच जिल्हा न्यायालयालाही आहे. त्यासाठी घाट चढून उच्च न्यायालयात जाण्याची गरज नाही.

हे सगळे करूनही अर्ज पडूनच राहिला, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयाच्या देखरेखीच्या अधिकारात रिट याचिका दाखल करावी. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूर सर्किट खंडपीठ सुरू झाले आहे आणि कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर यांच्याबरोबर रत्नागिरी व सिंधुदुर्ग हे जिल्हेही त्याच्याकडे आहेत. त्यामुळे गुहागरचे प्रकरण कोल्हापूरला जाईल. रायगडमधील वाचकांना मात्र मुंबईच. सावंतवाडी-कुडाळच्या लोकांची यात मोठी सोय झाली. उत्तर रत्नागिरीच्या लोकांना कोकण रेल्वेने रात्रीत मुंबई गाठण्याची सवय होती, त्यांना आता कुंभार्ली घाट चढून कराडमार्गे जावे लागते आणि पावसाळ्यात घाटाचा भरवसा नसतो, हेही खरे. परंतु अशा याचिकेत पक्षकाराने प्रत्येक तारखेला हजर राहण्याची गरज नसते, त्यामुळे बहिणीने एकदा प्रतिज्ञापत्रावर सही केली की पुढचे काम वकील पाहतात.

याचिका आटोपशीर ठेवा. मूळ याचिका, अंतरिम अर्ज, असल्यास त्यावरील जबाब, दोन्ही शपथपत्रे, पूर्ण रोजनामा, प्राधान्याचा अर्ज व त्यावरील आदेश, आणि तारखांचा तक्ता, एवढे पुरे. नवरा किती वाईट आहे हे वीस पानांत सांगण्याचे ते ठिकाण नाही. विनंतीचे कलम मात्र विचारपूर्वक लिहा. पहिली विनंती अंतरिम पोटगीचा व मुलाच्या खर्चाचा अर्ज ठरावीक आठवड्यांत निकाली काढण्याची असावी, आणि दुसरी, त्यानंतर मुख्य याचिका कलम २१-ब लक्षात घेऊन शक्य तितक्या लवकर चालवण्याची. दुसऱ्या विनंतीत महिन्यांचा आग्रह धरू नका. मुख्य याचिकेत वादाचे मुद्दे निश्चित होऊन पुरावा संपला असेल आणि केवळ युक्तिवाद राहिला असेल, तर तिथेही मुदत मागायला हरकत नाही. पण अजून जबाबच आलेला नसताना सहा महिन्यांत निकाल मागणे म्हणजे नाकारण्याचे कारण स्वतःहून पुरवणे आहे.

आदेश मिळाल्यावर त्याची दुधारी बाजू समोर येते. त्यात बहुधा असे असते की दोन्ही पक्षांनी सहकार्य करावे आणि अनावश्यक तहकुबी मागू नये. हे बंधन तुमच्यावरही आहे. मुदतीच्या प्रकरणात साक्षीदार आला नाही, तर न्यायालयाला पुरावा बंद करण्यावाचून पर्याय राहत नाही आणि लवकर निकाल मागणाऱ्याच्या विरुद्ध तो लवकर लागतो. म्हणून प्रमाणित प्रत खालच्या न्यायालयात दाखल करण्यापूर्वीच बहिणीचे सरतपासणीचे (तिच्या स्वतःच्या साक्षीचे) शपथपत्र आणि कागदांची यादी तयार ठेवा. तिला उलटतपासणीची कल्पना द्या. मे महिन्याची सुट्टी मुदतीत येते का, हेही आधीच पाहून ठेवा. मुदतीत काम झाले नाही तर खालचे न्यायालय उच्च न्यायालयाकडे कारण कळवून मुदतवाढ मागते आणि कारण पटण्यासारखे असेल तर ती मिळते. अशा वेळी न्यायाधीशांविरुद्ध अवमान याचिका करण्याचा सल्ला कुणी दिला, तर तो ऐकू नका. रोजनाम्याच्या नव्या प्रतीसह उच्च न्यायालयात एक साधा अर्ज देणे पुरेसे असते.

काही जण वेग यावा म्हणून दुसरी फिर्याद किंवा दुसऱ्या कायद्याखालचा पोटगीचा अर्ज दाखल करायला सांगतात. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ खाली न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो हे खरे आहे, आणि बहिणीने अजून कुठेच अर्ज केलेला नसता तर मी कदाचित तिथूनच सुरुवात करायला सांगितले असते. आता मात्र आधीच्या कार्यवाहीची माहिती देणे बंधनकारक आहे, एका ठिकाणी मिळालेली रक्कम दुसऱ्या ठिकाणी वजा होते आणि विरुद्ध पक्षाला दोन्हीकडे तारखा मागण्याचे निमित्त मिळते. नवऱ्याचीही घटस्फोटाला तयारी असेल, तर परस्पर संमतीचा मार्ग खरोखरच जवळचा आहे. २०१७ च्या अमरदीप सिंग विरुद्ध हरवीन कौर या निकालानुसार सहा महिन्यांचा थांबण्याचा काळ योग्य प्रकरणात न्यायालय माफ करू शकते. परंतु पोटगीचे आणि मुलाच्या ताब्याचे लेखी ठरल्याशिवाय, केवळ सुटका हवी म्हणून, बहिणीला संमतीच्या पुरसिसेवर (न्यायालयात द्यायच्या लेखी निवेदनावर) सही करू देऊ नका.

खर्चाबद्दल तुम्ही विचारलेले नाही, पण प्रश्नातून ती काळजी दिसते. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रीला उत्पन्नाची अट न लावता मोफत कायदेशीर मदत मिळते, आणि ती उच्च न्यायालयातील कामासाठीही मागता येते. तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज द्या.

अंतरिम पोटगीचा आदेश झाला की वसुलीचा अर्ज लांबवू नका. कलम २४ खालील आदेशाची अंमलबजावणी हिंदू विवाह कायद्याच्या कलम २८-अ प्रमाणे दिवाणी आदेशासारखी दरखास्तीने, म्हणजे वसुलीच्या अर्जाने, होते, आणि नवरा रक्कम भरत नसेल तर त्याचा बचाव काढून टाकण्याचा अर्जही मुख्य याचिकेत देता येतो. तो पुन्हा बोटीवर चढण्यापूर्वी त्याचे बँक खाते आणि कंपनीकडून येणे असलेला पगार यांचा तपशील दरखास्तीत आलेला असावा, कारण जप्तीचा हुकूम बजावायचा तर तो नेमका कुठे बजावायचा हे बेलीफाला सांगणे तुमचेच काम आहे.